खोली तयार होईपर्यंत

शैलाताई,

खोली वेळेत तयार झाली नाही. तुम्हाला जाऊन अजून आठवडाही झालेला नाही आणि मी त्या खोलीतून बाहेर पडू शकलेलो नाही. सकाळी इथे सिंगापुरात चोआ चू कांगहून निघतो, जुरोंग ईस्टला गाडी बदलतो, ऑफिसात मीटिंगला बसतो. लोक माझ्याशी बोलत असतात आणि मी मनातल्या मनात तुमची खुर्ची खिडकीकडे सरकवत असतो. मग वाटतं, नको, उजेड तुमच्या डोळ्यांवर येईल. मागे घेतो. पुन्हा सरकवतो. आता त्याचा काही उपयोग नाही हे मला कळतं, पण थांबता येत नाही.

आपल्या मराठी मंडळाच्या फडकेकाकांनी तुमच्यावर लेख लिहून द्यायला सांगितलंय. ‘इटालियन चित्रपटसृष्टी गाजवणारी तासगावची कन्या’ असं काहीतरी त्यांना हवंय. जन्म, शिक्षण, रोम, चित्रपटांची यादी. ते माझ्याच्याने होणार नाही. ‘गाजवणारी’ हा शब्द ऐकून तुम्ही कपाळाला हात लावला असता. सुरुवातीच्या कित्येक वर्षांत तुमचं नाव पडद्यावर आलंच नव्हतं आणि पुढे आलं तेव्हा, तुम्हीच सांगायचात, लोक कोट घालून दाराकडे निघालेले असत. म्हणून फडकेकाकांना काय द्यायचं ते नंतर बघू. आत्ता मला तुमच्याशीच बोलायचंय.

आपली पहिली भेट मंडळाच्या गणपतीत झाली. सजावटीचा प्रमुख मी होतो, म्हणजे थर्माकोल आणि सोनेरी कागद मी आणला होता. तुम्ही नुकत्याच इथल्या एका कॉलेजात शिकवायला आला होतात. आखूड पांढरे केस, खादीचा सदरा, कमरेला सुतारासारखा पट्टा. मखरासमोर बराच वेळ उभ्या राहिलात आणि मग विचारलंत, “हे कुणी केलं?”

“मी,” मी अभिमानाने म्हणालो.

“गणपती राहायला आलाय असं वाटत नाही. ट्रान्झिटमध्ये आहे. विमान चुकलंय त्याचं.”

बायका हसल्या. माझे कान तापले. तुम्ही काय करता असं मी जरा घुश्शातच विचारलं. तुम्ही म्हणालात, सिनेमाचे सेट सजवायचे, रोममध्ये, जन्मभर. मी म्हणालो, “म्हणजे मंडप डेकोरेशन?” मला टोमणाच मारायचा होता. तुम्ही मात्र गंभीरपणे विचार करून म्हणालात, “जवळजवळ तेच. तुला त्यातलं कळतं?” आणि का कोण जाणे, सिंगापुरात इतकी वर्षं जे मी कुणाला सांगितलं नव्हतं ते तुम्हाला सांगितलं. माझे वडील करमाळ्याला मंडपवाल्याकडे कामाला होते. लोकांनी विचारलं की मी ‘बिझनेस’ म्हणायचो. तुम्ही हात पुढे केलात. म्हणालात, “मग आपण एकाच धंद्यातले.”

आमच्या घरात पदवी घेतलेला मी पहिला. पदवीने मला नोकरी दिली, इथे राहायचा पास दिला, इथवर आणलं. पण वडिलांचं काम मान वर करून सांगायला त्या पदवीने शिकवलं नव्हतं. ते तुमच्या एका वाक्याने झालं. याबद्दल मी तुमचे आभार कधी मानले नाहीत. तुम्ही ‘काहीतरीच’ म्हणून उडवून लावले असतेत, म्हणून राहिलं.

पुढल्या वर्षी माझे वडील, अण्णा, इथे आले तेव्हा मखर तुम्ही दोघांनी मिळून केलंत. अण्णांना जरीची झालर हवी होती, तुम्हाला ती नको होती.

“बाई, देव काय रोज येतो का? वर्षातनं एकदा येतो. चमकू द्या की जरा!”

“अहो अण्णा, इतकं चमकल्यावर देव कसा दिसणार?”

“दिसतो की. आमच्याकडं आरतीच्या टायमाला लाईट जाते, तरी दिसतो.”

तुम्ही इतक्या हसलात की शिडीची पायरी धरून खाली बसलात. झालर लागली. लिफ्टच्या धास्तीने महिनाभर घरात बसून राहिलेले अण्णा त्या संध्याकाळी गाडीत कोण ऐकतंय न बघता मोठ्याने बोलत होते. “बाई आपल्यातली हाय,” एवढंच पुन्हा पुन्हा.

रोमच्या गोष्टी तुम्ही सलग कधी सांगितल्या नाहीत. हौगांगच्या हॉकर सेंटरमध्ये टपरीवरची कोपी, म्हणजे इथली दाट कॉफी, पिताना एखादा तुकडा निघायचा. मुंबईत शिल्पकला शिकलात, शिष्यवृत्तीवर रोमला गेलात, शिष्यवृत्ती संपल्यावर परत यायचं नव्हतं म्हणून स्टुडिओत प्लास्टरचे फुटके देव करायला लागलात. “देव करून करून कंटाळले, मग माणसांकडे गेले,” असं म्हणायचात. भिंती उभ्या करणारे वेगळे असत. भिंती उभ्या राहिल्या, रंग वाळला, की तुम्ही आत जायचात आणि तिथे कुणीतरी राहतं असं वाटायला लावायचात. तेवढंच तुमचं काम होतं. नवा साबण सेटवर ठेवायचा नाही. सगळ्यांनी त्या साबणाने हात धुवायचे, त्यावरचं नाव झिजेपर्यंत. सोफा नवा असेल तर जेवणाच्या सुट्टीत सगळ्यांत जाड सुताराला त्यावर झोपवायचं. दिव्याच्या बटणाभोवती बोटांचा मळ हवा, पण तो त्या घरातल्या माणसाच्या उंचीइतकाच वर.

आणि काहीही ठेवण्याआधी तुमचे प्रश्न. ही बाई कोण आहे? एकटी असली की काय खाते, आणि बसून खाते की ओट्याशी उभी राहून? राग आला की कुठे जाऊन बसते? कुणी येणार म्हटलं की पहिली कोणती वस्तू लपवते? या प्रश्नांची उत्तरं लेखकाकडे नसली तर तुम्ही कामाला हातच लावायचा नाहीत. एका चित्रपटातल्या विधवेचं स्वयंपाकघर तुम्ही सजवलं होतंत. गर्दीतल्या कामासाठी गल्लीतल्या म्हाताऱ्या आणल्या होत्या. त्यातली एक आत आली, खुर्ची ओढली आणि परातीतल्या शेंगा सोलायला बसली. तिला उठवायला कुणाचं मन होईना. “मला मिळालेलं बक्षीस तेवढंच,” तुम्ही म्हणायचात. मग स्टुडिओ ओस पडत गेले, सिनेमा टीव्हीत शिरला आणि तुम्ही सॉसच्या जाहिरातींसाठी सुखी कुटुंबांची स्वयंपाकघरं लावायला लागलात. “त्या घरांत कुणी राहत नव्हतं. राहू शकलंच नसतं,” हे तुम्ही सांगितलंत आणि कोपी अर्धी टाकून उठलात.

आपला एक वाद कायमचा राहिला. दक्षिण इटलीतल्या एका गावात तुम्ही गरिबाचं घर सजवलंत. भिंती काजळलेल्या, भांडी कळकट. ज्या बाईचं घर भाड्याने घेतलं होतं ती बघायला आली आणि रडायला लागली. म्हणाली, आम्ही इतके घाण नाही हो. तुम्ही शूटिंग थांबवून रात्रीतून सगळं घासून काढायला लावलंत. ही गोष्ट ऐकून मी उसळून म्हणालो होतो, “बरोबर बोलली ती! आमच्याकडे खायला नसायचं पण पितळ्या अशा लखलखायच्या. घर कसं, कुणीही कधीही आलं तरी लख्ख हवं.” तुम्ही म्हणालात, “लख्ख असणं वेगळं, महादेव, आणि रिकामं असणं वेगळं.” मी म्हणालो, “मग तुमचं घर बघा!”

खरंच होतं ते. हौगांगचा तुमचा भाड्याचा फ्लॅट म्हणजे पांढऱ्या भिंती, एक टेबल, एक खुर्ची, एक पलंग. भिंतीला खिळा ठोकायचा नाही असा घरमालकाचा नियम, आणि जन्मभर भिंतींना खिळे ठोकलेल्या तुम्ही तो निमूटपणे पाळलात. “माझ्या घराला कोण कॅमेरा लावणार आहे?” म्हणून विषय बदललात. मी तेव्हा हसलो. तो वाद तिथेच सोडायला नको होता, असं आता सारखं वाटतं.

मग डोक्यातली ती गाठ निघाली. डॉक्टरांनी ऑपरेशनचा विषय काढला तसाच मिटवला आणि तुम्हाला घरी पाठवलं. दिवाणखान्यात हॉस्पिटलचा पलंग आला. देखभालीला ठेवलेली इंडोनेशियाची सिती दिवसरात्र तुमच्याजवळ राहायला लागली. मी, माझी बायको अश्विनी, मंडळाच्या बायका, सगळ्यांनी पाळ्या लावून घेतल्या.

त्या दिवशी मी तुम्हाला पेज भरवत होतो. तुम्ही चमचा बाजूला केलात, खोलीभर बघितलंत आणि विचारलंत, “ही बाई कोण आहे?”

“कोणती बाई, ताई?”

“या खोलीत राहते ती. स्क्रिप्टमध्ये काय लिहिलंय?”

मी म्हणालो, “ताई, हे तुमचंच घर आहे. तुम्हीच राहता इथे.”

तुम्ही माझ्याकडे असं पाहिलंत, जसं तुम्ही थापा मारणाऱ्या विद्यार्थ्याकडे पाहत असाल. “इथे कुणी राहत नाही. बघ ना जरा. सकाळी शूटिंग आहे आणि कुणी हातसुद्धा लावलेला नाही!” आणि तुम्ही रडायला लागलात. इतक्या वर्षांत मी तुम्हाला रडताना पाहिलं नव्हतं. त्यानंतर रोज तेच. औषध घ्यायचं नाही, झोपायचं नाही, खोली तयार नाही. घरी येणारी नर्स म्हणाली, शेवटी असं होतं, बेचैनी असते. ती औषधाचा डोस वाढवून गेली. पण मला माहीत होतं, ही नुसती बेचैनी नाही. तुमचं काम बाकी होतं आणि त्या काळजीत तुम्ही जाऊ नये, एवढीच एक गोष्ट मला करायची होती. बाकी माझ्या हातात काय होतं?

म्हणून मी खोली लावायला घेतली. अश्विनीने घरची समई आणि पैठणीच्या उशा आणल्या. तुम्ही एक नजर टाकलीत. “फिंतो,” म्हणालात. खोटं. “हे कुणाचं? या बाईचं नाही.” मी जुन्या वस्तूंच्या बाजारातून इटालियन कॉफीची किटली आणली. फार नवी दिसते म्हणून गॅसवर धरून काळी केली. तुम्ही ती नाकाशी नेलीत. “कालच जाळलीय कुणीतरी,” असं म्हणून परत दिलीत. अश्विनी तोंडाला पदर लावून हसली, मग स्वयंपाकघरात जाऊन रडली. मी रोमचे फोटो छापून आणले, चिकटपट्टीने लावले. फिंतो. गालिचा. फिंतो. माझ्या मुलीने, इराने, तुमचं चित्र काढून दिलं. ते मात्र तुम्ही बराच वेळ हातात धरलंत आणि मग समजुतीने म्हणालात, “छान आहे, पण या बाईला मुलं नाहीत, बाळ.”

शेवटी मी तुमचेच प्रश्न घेऊन बसलो. राग आला की कुठे बसता? मला माहीत नव्हतं. एकट्या असताना काय खाता? आपण कायम बाहेरच जेवलो. मी तासगावला तुमच्या चुलतभावाला फोन लावला. म्हटलं, शैलाताईंना लहानपणी घरातली कोणती जागा आवडायची? ते म्हणाले, “ती कुठं घरात असायची हो? सदा कुणाच्या ना कुणाच्या घरी. आणि आता घर तरी कुठंय, तिथं मोबाईलचं दुकान झालंय.” ताई, तुम्ही मला बघायला शिकवलंत आणि मी तुम्हालाच पाहिलं नव्हतं. फोन ठेवला तेव्हा असं वाटलं की मी पाण्यात उभा आहे आणि खाली तळ नाही.

तुम्हाला भेटायला रोज कुणी ना कुणी येत होतं. ती सगळी आपल्याकडची शहाणी, वळणाची माणसं. डबा घेऊन यायची, तुम्हाला दोन घास भरवायची, स्वतः चहा प्यायली तर कप धुऊन, पुसून, जागेवर ठेवायची. ज्या चादरीवर बसली ती ओढून सरळ करायची. आजारी माणसाच्या घरी आपला भार होऊ नये, आपण आलो होतो हेही मागे कळू नये, अशी शिकवण. मीही तेच करत होतो. निघताना डबा पिशवीत, खुर्ची टेबलाखाली, चप्पल पायात. उरलंसुरलं सिती पुसून घ्यायची, कारण लोक बघतात, नावं ठेवायला नकोत. आणि आमच्या मागे दार बंद झालं की तुम्ही डोळे उघडून ती खोली बघत असणार.

तुम्ही गेलात तेव्हा मी रस्त्यात होतो. सितीचा फोन आला. ती “सर, सर” एवढंच म्हणत राहिली. पोचलो तर तुमची मूठ चादरीवर आवळलेली होती. ती मी सोडवली. तुमचा चेहरा शांत होता असं सगळे म्हणतात. मला तसा दिसला नाही. मला तो घाईतला दिसला.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून घर भरलं. एवढी माणसं तुमच्या घरात मी कधी पाहिली नव्हती. तुमचे कॉलेजातले विद्यार्थीही आले, चिनी, मलय, तमिळ, आणि जमिनीवर आमच्यात मांडी घालून बसले. फडकेकाकांनी गीतेचा अध्याय वाचला. बायकांनी चहा केला, कारण लोक लांबून आले होते. स्मशानाची वेळ ठरलेली होती आणि खाली गाडी आली तशी एकच धांदल उडाली. कुणी काय हातात होतं ते तिथेच ठेवलं आणि सगळे निघाले. कुणी ‘येतो’ म्हटलं नाही. अशा घरातून तसं म्हणत नाहीत.

संध्याकाळी आंघोळ करून, तुम्ही जिथे होतात तिथे दिवा लावायला मी, अश्विनी आणि इरा परत आलो. सितीला फडकेकाकूंनी आपल्या घरी नेलं होतं. मी दार उघडलं, दिव्याचं बटण दाबलं आणि उंबऱ्यातच थांबलो.

टेबलभर कप, तळाशी थिजलेला चहा, एकाच्या काठाला लिपस्टिक. फडकेकाकांचा चष्मा उघड्या पुस्तकावर पालथा. कुणीतरी सोलून अर्धंच खाल्लेलं संत्रं. खुर्चीच्या पाठीवर ओढणी. दारामागे कुणाची तरी छत्री आणि तिच्या टोकाशी पाणी. तुमच्या पलंगाच्या चादरीवर, लोक टेकून गेले होते तिथे, खळगे. आणि त्या पांढऱ्या भिंतीवर, बायका डोकं टेकून बसल्या होत्या त्या उंचीवर, खोबरेल तेलाचे डाग. एक, त्याच्या शेजारी एक, त्याच्या शेजारी एक.

इरा हळूच म्हणाली, “बाबा, सो मेसी लाह. लाइक सो मेनी पीपल स्टेइंग हिअर.”

अश्विनीने तिला गप्प केलं. मी खाली बसलो. मला वाटलं होतं की रडू येईल, पण राग आला. कुणावर ते कळेना. धुतलेल्या प्रत्येक कपावर आला. अश्विनी कप गोळा करायला लागली.

“राहू दे,” मी म्हणालो.

“अरे, मुंग्या लागतील.”

“लागू देत.”

तिने माझ्याकडे बघितलं, हातातले कप होते तिथे ठेवले आणि माझ्याजवळ येऊन बसली. इरा पलंगाला टेकली. आम्ही तिघं तशीच बसून राहिलो. दिवा लावायचा राहिला होता तो अश्विनीने मग लावला.

ताई, तुम्हाला हवी होती ती हीच खोली का? मला वाटतं, होय. पण मी मंडपवाल्याचा मुलगा, मला कितपत कळणार. तुम्ही उशीवरून मान वळवली असतीत, डोळे बारीक केले असतेत, एकेक कप, एकेक डाग बघितला असतात. आणि कदाचित म्हणाला असतात, “नाही, महादेव. अजून नाही.”

तेवढं म्हणायला तरी थांबायचं होतं तुम्ही. मी सगळं पुन्हा हलवलं असतं.